लेखणी आणि कॅमेरा : विश्राम बेडेकर

यंदाच्या स्मरणिकेसाठी संपादक मंडळाने लेखकांना एकच अट घातली. औषध, आजार आणि आरोग्यविषयक सल्ला यांपैकी काहीही लेखात येता कामा नये. पेडणे आणि डिचोली तालुक्यांतील डॉक्टर मंडळी वर्षभर तेच करीत असल्याने ही अट मला न्याय्य वाटली, आणि मी माझ्या जुन्या वेडाकडे, म्हणजे चित्रपटाकडे वळलो.

२००४ पासून भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव पणजीत भरू लागला. तेव्हापासून नोव्हेंबरात दोन दिवस दवाखान्याला कुलूप लावून मांडवीच्या काठी जाणारे डॉक्टर आपल्यातही निर्माण झाले. अशाच एका रांगेत उभे असताना एका तरुण व्यवसायबंधूने मला विचारले, "सर, विलायतेत पटकथालेखक पुढे दिग्दर्शक होतात, तसे आपल्या मराठीत कोण झाले?" मी विश्राम बेडेकरांचे नाव घेतले. त्याला आश्चर्य वाटले. "म्हणजे 'रणांगण'वाले? ते चित्रपटही करीत होते?"

वस्तुतः बेडेकरांच्या आयुष्याची कितीतरी वर्षे चित्रपटातच गेली. पहिला चित्रपट १९३४ चा, अखेरचा १९७० चा. तरीही एका सुशिक्षित मराठी माणसाला ते केवळ एका छोट्या कादंबरीमुळे आठवावेत, ही गोष्ट मला विचार करण्याजोगी वाटते.

बेडेकर मूळचे विदर्भातले. १३ ऑगस्ट १९०६ रोजी अमरावतीत त्यांचा जन्म झाला. पण त्यांच्या कारकिर्दीचा प्रारंभ एका गोमंतकीयाच्या छायेत झाला, हे आपल्याकडे फारसे कुणाला ठाऊक नसते. मंगेशीचे मास्टर दीनानाथ मंगेशकर, चिंतामणराव कोल्हटकर आणि कृष्णराव कोल्हापुरे यांनी १९१८ मध्ये बळवंत संगीत मंडळी काढली. या मंडळीसाठी बेडेकरांनी 'ब्रह्मकुमारी' हे नाटक लिहिले. ते १९३३ मध्ये रंगभूमीवर आले. अहल्येच्या कथेवरचे हे नाटक आज कुणी करीत नाही, पण दीनानाथांनी गायिलेली त्यातली पदे आपल्याकडच्या जत्रांतल्या संगीत नाटकांच्या रात्री, मध्यंतरात का होईना, कुणीतरी आळवतोच. पेडण्याच्या देवळांच्या मंडपांत वाढलेल्या माझ्या पिढीला त्यांचे सूर पाठ होते. नाटककाराचे नाव मात्र ठाऊक नव्हते.

तो काळ बोलपटाच्या आगमनाचा होता. नाटक कंपन्यांचे प्रेक्षक चित्रपटगृहांकडे वळू लागले आणि एकेक मंडळी बंद पडू लागली. बळवंतच्या धुरीणांनी विचार केला की लाटेविरुद्ध पोहण्यापेक्षा लाटेवर स्वार व्हावे. सांगलीत बळवंत पिक्चर्स उभी राहिली आणि १९३४ मध्ये 'कृष्णार्जुन युद्ध' हा बोलपट तयार झाला. दिग्दर्शक म्हणून कोल्हटकरांच्या जोडीने नाव लागले ते बेडेकरांचे. नाटककाराचा दिग्दर्शक झाला तो असा. कला, हौस, कीर्ती सारे काही होते, पण चित्रपटाचे अर्थकारण कुणालाच उमगले नव्हते. हा उद्योग कंपनीला तारू शकला नाही. दीनानाथांची पुढची वर्षे कर्जाच्या आणि आजाराच्या ओझ्याखाली गेली. २४ एप्रिल १९४२ रोजी पुण्यात, वयाच्या ४१ व्या वर्षी, त्यांचे निधन झाले.

बेडेकर मात्र या पेशातून बाहेर पडले नाहीत. १९३५ मध्ये राम गणेश गडकऱ्यांच्या विनोदी लेखनावर आधारलेला 'ठकीचे लग्न' त्यांनी दिग्दर्शित केला. पुढे, चौथ्या दशकाच्या अखेरीस, चित्रपटतंत्राचा अभ्यास करण्यासाठी ते थेट इंग्लंडला गेले. त्या काळी आपल्याकडे हे शास्त्र स्टुडिओत लाकूड वाहून, दिवे ओढून शिकले जाई. त्यासाठी विलायतेची वाट धरणारा मराठी लेखक विरळाच.

त्या सुमाराचे ब्रिटिश चित्रपटसृष्टीचे चित्र पाहण्यासारखे आहे. फ्रँक लाँडर आणि सिडनी गिलियट ही लेखकांची जोडी. १९३८ च्या हिचकॉकच्या 'द लेडी व्हॅनिशेस'ची पटकथा त्यांची. हेच दोघे १९४३ मध्ये 'मिलियन्स लाइक अस'चे दिग्दर्शक झाले. हिटलरच्या छळामुळे बर्लिन सोडून आलेला एमेरिक प्रेसबर्गर हा ज्यू लेखक मायकेल पॉवेलबरोबर काम करू लागला, आणि पुढे त्या दोघांच्या चित्रपटांवर लेखन, निर्मिती, दिग्दर्शन अशी संयुक्त मोहोर उमटू लागली. लेखकाला दिग्दर्शकाच्या खुर्चीशेजारी बरोबरीची खुर्ची मिळण्याचा तो काळ होता. ज्यांनी बेडेकरांच्या वाट्याला आलेला काळ पाहिला असेल, त्यांना हा फरक लगेच जाणवेल.

इंग्लंडहून परतल्यावर १९३९ मध्ये 'रणांगण' प्रसिद्ध झाली. युरोपातून निघालेली एक बोट, जर्मनीतून परागंदा झालेले ज्यू, त्यांतली हॅर्टा, आणि प्रेमाविषयी पूर्वीच कटू झालेला मराठी नायक चक्रधर. युद्धाच्या छायेतल्या काही दिवसांचा हा प्रवास. मराठीत त्या आधी असे काही लिहिले गेले नव्हते. विशेष म्हणजे चित्रपटाचे तंत्र शिकून आलेल्या माणसाने ते तंत्र सर्वप्रथम वापरले ते कागदावर. प्रसंग मध्येच तोडणे, भूतकाळात झेप घेणे, वर्णनाऐवजी दृश्य उभे करणे, हे सारे या कादंबरीत आहे.

पडद्यावरची त्यांची उत्तम कामगिरी मात्र इतरांसाठी लिहिताना झाली. १९४१ चा प्रभातचा 'शेजारी' आठवा. जिवबा आणि मिर्झा, एक हिंदू आणि एक मुसलमान, पिढ्यान्‌पिढ्यांचे शेजारी. धरणाच्या कामावरून त्यांच्यात फूट पाडली जाते, आणि फुटत्या धरणाच्या पाण्यात दोघे पुन्हा एकमेकांचे हात धरतात. कथा बेडेकरांची, दिग्दर्शन व्ही. शांतारामांचे. फाळणीच्या सहा वर्षे आधी हे लिहिले गेले, एवढे लक्षात घेतले म्हणजे पुरे. दहा वर्षांनी राजकमलच्या 'अमर भूपाळी'च्या लेखनातही त्यांचा वाटा होता. होनाजी बाळाच्या जीवनावरचा हा चित्रपट, संगीत आपल्या शेजारच्या सावंतवाडी भागातल्या वसंत देसाईंचे. १९५२ च्या कान महोत्सवात ध्वनिमुद्रणासाठी त्याचा गौरव झाला. त्यातली भूपाळी लता मंगेशकरांच्या आवाजात घराघरांत पोहोचली. ज्या दीनानाथांसाठी बेडेकरांनी पहिले नाटक लिहिले, त्यांच्याच कन्येने हे गावे, हा योग मला नेहमी हलवून जातो.

स्वतः दिग्दर्शित केलेल्या चित्रपटांची यादी काही लहान नाही. 'पहिला पाळणा' (१९४२), 'नगद नारायण' (१९४३), 'लाखारानी' (१९४५), 'वासुदेव बळवंत' (१९५०). प्रभातच्या 'रामशास्त्री'वर (१९४४) तर गजानन जागीरदार, राजा नेने आणि बेडेकर अशा तिघांचा हात फिरला. 'लाखारानी'त एक तरुण छोटी भूमिका करीत होता आणि दिग्दर्शकाचा साहाय्यक म्हणूनही राबत होता. तो गुरुदत्त. पुढे 'प्यासा' काढणाऱ्या या माणसाने उमेदवारीच्या काळातले काही महिने बेडेकरांच्या हाताखाली काढले, एवढी नोंद तरी आपण ठेवायला हवी.

मग हे दिग्दर्शक विस्मृतीत का गेले? अटीचा थोडा भंग करून एक दाखला देतो. पटकथा ही आपल्या चिठ्ठीसारखी असते. लिहितो एक, औषध देतो दुसरा, आणि घेतो तिसरा. तोही निम्मे घेऊन उरलेले फडताळात ठेवतो. लेखकाला वाटते, आपणच दिग्दर्शक झालो म्हणजे मात्रा आपल्या हाती राहील. तारुण्यात मीही गावच्या जत्रेसाठी एक नाटक लिहिले होते. पात्रे वाक्ये बदलतात म्हणून पुढच्या वर्षी दिग्दर्शनही स्वतःच केले. त्या वर्षी नायकाने वाक्ये बदलली नाहीत, पण वर्गणी देणाऱ्यांनी शेवट बदलायला लावला. बेडेकरांचे रणांगण माझ्याहून कितीतरी मोठे, पण दुखणे याच जातीचे असावे, असे माझे मत आहे. दिग्दर्शकाची खुर्ची मिळाली तरी तिच्याखालची जमीन भांडवल घालणाऱ्याची असते.

उत्तरार्धातले दोन हिंदी चित्रपट याची साक्ष देतात. दोन्ही एफ. यू. रामसे यांच्या निर्मितीचे. 'रुस्तम सोहराब' (१९६३) मध्ये पृथ्वीराज कपूर, प्रेमनाथ आणि सुरैया असा भारी संच, सज्जाद हुसेन यांचे संगीत. सुरैयाचा हा अखेरचा चित्रपट. नंतर १९७० मध्ये 'एक नन्ही मुन्नी लडकी थी'. चित्रपट कोसळला. पण मुखवटा घातलेले पृथ्वीराज वस्तुसंग्रहालयात चोरी करतात, त्या एका प्रसंगाला प्रेक्षक दचकतात हे रामसेंच्या मुलांनी टिपले, आणि १९७२ च्या 'दो गज जमीन के नीचे'पासून त्यांनी भयपटांचा कारखानाच उघडला. 'रणांगण' लिहिणाऱ्या हाताने दिग्दर्शित केलेल्या चित्रपटातून रामसे बंधूंची भुते जन्माला यावीत, याला काय म्हणावे!

त्यानंतर बेडेकर पुन्हा कागदाकडे वळले. 'टिळक आणि आगरकर' हे नाटक आले. १९८४ मध्ये 'एक झाड आणि दोन पक्षी' हे आत्मचरित्र आले. उपनिषदातल्या दोन पक्ष्यांपैकी एक फळ खातो, दुसरा नुसता पाहतो. या पुस्तकात पाहणारा पक्षी फळ खाणाऱ्याला जराही सवलत देत नाही. स्वतःची इतकी निर्विकार चिकित्सा आपण रुग्णांचीही करीत नसू. १९८५ चा साहित्य अकादमी पुरस्कार त्याला मिळाला. १९८६ च्या मुंबईतील साहित्य संमेलनाचे अध्यक्षपदही त्यांच्याकडे आले. त्यांच्या पत्नी मालतीबाई, म्हणजेच 'कळ्यांचे निःश्वास'च्या विभावरी शिरूरकर, त्याआधी १९८१ मध्ये मुंबईतच भरलेल्या समांतर साहित्य संमेलनाच्या अध्यक्षा होत्या. एकाच घरात अधिकृत आणि बंडखोर अशी दोन अध्यक्षपदे!

३० ऑक्टोबर १९९८ रोजी बेडेकर गेले, वयाच्या ९३ व्या वर्षात. त्यांच्या चित्रपटांपैकी 'शेजारी' आणि 'अमर भूपाळी' अजून आवर्जून पाहिले जातात, आणि या दोहोंचे दिग्दर्शक ते नव्हेत. 'रणांगण' मात्र आजही मिळते. महोत्सवाच्या रांगेत भेटलेल्या त्या तरुण डॉक्टरला मी माझ्याजवळची प्रत दिली. आठ दिवसांनी रात्री अकराला त्याचा फोन आला. नेहमीप्रमाणे मला वाटले, रुग्ण अत्यवस्थ असेल. "सर," तो म्हणाला, "हॅर्टाचे असे का केले हो त्यांनी?" पुस्तक अद्याप त्याच्याकडेच आहे.