इथाका : एझ्रा कॉर्नेलचं गाव

न्यू यॉर्क राज्यात कायुगा सरोवराच्या दक्षिण टोकाशी इथाका वसलं आहे. गावातच खोल घळी, त्यांतून कोसळणारे ओढे आणि पूर्वेच्या टेकडीवर कॉर्नेल विद्यापीठ. रतन टाटा इथेच वास्तुशास्त्र शिकले, त्यामुळे विद्यापीठाचं नाव आपल्याला परकं नाही. ज्याचं हे नाव, त्या एझ्रा कॉर्नेलबद्दल मात्र आपल्याकडे फारसं कुणी बोलत नाही.

जन्म १८०७चा, क्वेकर कुंभाराच्या घरातला. १८२८मध्ये हा तरुण सुतार काम शोधत इथे आला आणि पुढे गिरणीवर लागला. गिरणीला पाणी मिळावं म्हणून त्याने फॉल क्रीकच्या धबधब्याजवळ खडक फोडून बोगदा काढला. याच धबधब्याच्या माथ्यावर पुढे बंदुकांचा कारखाना आला. त्याने आसपासच्या मातीत इतकं शिसं सोडलं, की ते उपसायला वर्षं गेली. इतक्या देखण्या जागेची अशी आबाळ व्हायला नको होती.

मला सर्वांत भावली ती नांगराची गोष्ट. १८४३मध्ये कॉर्नेल मेन राज्यात नांगर विकत फिरत होता. त्याच सुमारास तारयंत्राचा संशोधक मोर्स याची तारेची लाइन वॉशिंग्टन ते बाल्टिमोर जमिनीखालून न्यायची होती. त्यासाठी त्याने असा नांगर बनवला, की एकाच फेरीत चर पडावा, तारा ओवलेली शिशाची नळी त्यात उतरावी आणि वर माती लोटली जावी. यंत्र झकास चाललं, पण नळीतल्या तारांचं आवरणच निकामी निघालं. सरकारी पैसा संपत आलेला, वर्तमानपत्रांचे डोळे लागलेले. गवगवा न होता काम थांबवायचं कसं, हा मोर्सपुढचा पेच. कॉर्नेलने नांगराची मूठ धरली, खेचरांना हाकलं आणि यंत्र नेमकं एका खडकावर घातलं. नांगर मोडला, लोकांना अपघात वाटला आणि विचार करायला सवड मिळाली. मग तारा खांबांवर चढल्या आणि २४ मे १८४४ला पहिला संदेश गेला. स्वतःच्या हाताने घडवलेली वस्तू वेळ येताच मोडायला जिगर लागते.

मजुरीच्या बदल्यात त्याने तार कंपन्यांचे शेअर घेतले. मधली वर्षं कर्जात गेली. वेस्टर्न युनियन उभी राहिल्यावर मात्र तो श्रीमंत झाला. पुढे राज्याच्या विधिमंडळात गेला, तिथे विद्यापीठाचं स्वप्न पाहणारा सहकारी अँड्र्यू व्हाइट भेटला आणि १८६५मध्ये विद्यापीठाची सनद मंजूर झाली. पाच लाख डॉलर आणि टेकडीवरचं शेत कॉर्नेलचं. विद्यापीठासाठी त्याने विस्कॉन्सिनमधली पाइनची जंगलं घेऊन ठेवली. भाव चढेपर्यंत ती विकायची नाहीत, हा त्याचा हट्ट. या व्यवहारावरून त्याच्यावर आरोप झाले, चौकशी बसली. १८७४मध्ये तो गेला. जंगलांचे लाखो डॉलर विद्यापीठाला नंतर मिळाले.

"काका, १६१ पायऱ्या आहेत, दमाने या," विद्यापीठाच्या घंटांच्या मनोऱ्याखाली मला भेटलेली सांगलीची विद्यार्थिनी म्हणाली. वर एक मुलगा लाकडी दांडे हातापायांनी दाबत २१ घंटा वाजवत होता. एक पाय पेडलवर, दोन्ही हात दांड्यांवर, नजर समोरच्या स्वरलिपीवर. यातल्या पहिल्या नऊ घंटा १८६८च्या उद्घाटनाला वाजल्या होत्या. खाली उतरल्यावर ती फीबद्दल बोलली. शिष्यवृत्ती नसती तर घरच्यांनी पाठवलंच नसतं, म्हणाली. प्रत्येक विधानसभा मतदारसंघातल्या एका मुलाला दरवर्षी फुकट शिकवायचं, असं मूळ सनदेत होतं. आजची फी बघता ते कलम पुन्हा पुन्हा आठवतं.

विद्यापीठ उघडण्याआधी, १८६६मध्येच, कॉर्नेलने गावाला सार्वजनिक वाचनालय बांधून दिलं होतं. ती इमारत १९६०मध्ये पाडली. पुस्तकं दुसरीकडे हलली हे खरं, पण टेकडीवर दगड न् दगड जपणाऱ्या या गावाला खालची ती एक वास्तूही राखता आली असती.