वर येण्याची घाई

पाण्यात बुडून माणूस मरतो, हे आपल्याला लहानपणापासून माहीत असते. विहिरीवर पोहायला निघालेल्या मुलाला प्रत्येक आई तेवढेच बजावते. पण खोल पाण्यात तासभर काम करून, हसतखेळत वर आलेला, टोप काढून चहाचा पेला हातात घेतलेला धडधाकट गडी अर्ध्या तासाने एकाएकी खांदा धरून विव्हळू लागतो, पायातले बळ जाते, प्रसंगी कायमचा पांगळा होतो. हे मात्र आपल्यापैकी फारच थोड्यांना ठाऊक असते. आश्चर्य असे, की त्याला जे बाधते ते पाण्यात जाणे नव्हे, पाण्यातून बाहेर येणे. चक्रव्यूहात शिरण्याची विद्या अभिमन्यूपाशी होती, बाहेर पडण्याची नव्हती. त्यातलाच हा प्रकार.

मी मराठीचा प्राध्यापक. दाब, वायू, रक्तवाहिन्या ही माणसे माझ्या ओळखीची नव्हेत. त्यांच्याशी परिचय करून दिला तो माझ्या एका जुन्या विद्यार्थ्याने. तो मालवणकडचा, कोळ्याच्या घरातला. हल्ली पर्यटकांना समुद्रतळ दाखवण्याचा व्यवसाय करतो. आपल्या हाताखालच्या मुलांसाठी त्याला मराठीत एक सूचनापत्रक छापायचे होते. 'डिकम्प्रेशन सिकनेस'ला मराठीत काय म्हणायचे, असे विचारायला तो आला. मी संस्कृत धातूंना उपसर्ग जोडून दोन-तीन भारदस्त शब्द करून दिले. त्याने ते वाचले आणि नम्रपणे म्हणाला, "सर, आमच्या पोरांक समजात असो शब्द होयो."

मग शब्द बाजूला ठेवून मी आधी वस्तू समजून घेऊ लागलो.

गोटी सोड्याची बाटली आठवा. गोटी जागेवर असते तोवर आतले पाणी कसे निवळशंख दिसते! वायू आतच असतो, पण दाबाखाली पाण्यात विरघळलेला. गोटी आत ढकलली, दाब उतरला, की तोच वायू बुडबुड्यांच्या रूपाने फसफसत वर येतो. माणसाचे शरीर ही अशीच एक बाटली आहे. आपण जी हवा घेतो तिच्यात सुमारे चार पंचमांश नत्रवायू असतो. प्राणवायू शरीर खर्च करते, नत्रवायूचे त्याला काहीच काम नाही. समुद्रात दर ३३ फुटांना एका वातावरणाइतका दाब वाढतो. म्हणजे ९९ फुटांवर पाणबुड्या चौपट दाबाची हवा घेत असतो, आणि तितक्या प्रमाणात नत्रवायू त्याच्या रक्तात, चरबीत, मज्जातंतूंत मुकाट्याने मुरत जातो. तो सावकाश वर आला, तर हा वायू आल्या वाटेने फुफ्फुसांतून निघून जातो. घाईने आला, की गोटी फुटते. बुडबुडा सांध्यात असला तर असह्य कळा, कातडीखाली असला तर खाज आणि चट्टे, पाठीच्या कण्यात असला तर पायांचे भान नाहीसे.

मराठीत बुडबुडा म्हणजे क्षणभंगुरतेची उपमा. संतांनी संसाराला लावली, आपण निवडणुकीतल्या आश्वासनांना लावतो. पण हा बुडबुडा माणसाचे पाय आयुष्यभरासाठी घेऊन जाऊ शकतो.

या विकाराचा पहिला मोठा तडाखा बसला तो पूल बांधणाऱ्यांना. १८४१ च्या सुमारास फ्रान्समध्ये त्रिजे नावाच्या अभियंत्याने नदीकाठच्या कोळशाच्या खाणीत पाणी शिरू नये म्हणून दाबलेली हवा भरून काम चालवले, तेव्हाच काही मजुरांचे सांधे दुखू लागल्याची नोंद झाली होती. पुढे पुलांचे पाये घालण्यासाठी 'केसॉन' आले. केसॉन म्हणजे नदीच्या तळावर पालथा घातलेला अवाढव्य पेटारा. आत दाबाची हवा भरायची, म्हणजे पाणी बाहेर राहते. मजुरांनी आत उतरून चिखल-वाळू उपसायची. आपल्याकडे हावड्याच्या पुलाच्या पायासाठीही दाबलेली हवा वापरावी लागली होती.

अमेरिकेत सेंट लुई येथे मिसिसिपी नदीवर ईड्स नावाच्या अभियंत्याने पूल बांधायला घेतला. १८७० साली तिथले मजूर केसॉनमधून बाहेर येऊन कोसळू लागले. डझनावर माणसे दगावली. मजुरांवर देखरेख करणारे डॉक्टर जामिने स्वतः खाली जाऊन अवघ्या काही मिनिटांत बाहेर आले, आणि त्यांनाही अर्धांगाचा झटका आला. ते वाचले, हे नशीब. कळांनी वाकून चालणाऱ्या मजुरांची त्यांचेच सोबती थट्टा करीत. त्या काळच्या फॅशनेबल स्त्रिया पुढे झुकून चालत, त्या ढबीला 'ग्रीशियन बेंड' म्हणत. त्यावरून या दुखण्याचे नाव पडले 'बेंड्स'. मरणाच्या दारात उभे राहून माणसे असे विनोद करतात, आणि कोशकारांना पुढे ते गंभीर चेहऱ्याने नोंदवावे लागतात.

पण माझे मन गुंतले ते न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन पुलात. पुलाचा मूळ अभियंता जॉन रोबलिंग १८६९ मध्ये पायाला झालेल्या जखमेने धनुर्वात होऊन वारला. काम त्याचा मुलगा वॉशिंग्टन याच्याकडे आले. वय ३२. ब्रुकलिनच्या बाजूचा केसॉन साडेचव्वेचाळीस फुटांवर टेकला. न्यूयॉर्कच्या बाजूला मात्र खडक लागेना. केसॉन खाली चालला, तसा दाब वाढला, आणि पुलाच्या डॉक्टरांकडे, अँड्र्यू स्मिथ यांच्याकडे, विव्हळणाऱ्या मजुरांची रांग लागली. त्यांनी ११० रुग्णांची नोंद केली. १८७२ च्या वसंतात तिघे मृत्यू पावले. बहुतेक परदेशातून पोटासाठी आलेले गरीब लोक. पाळी संपली की काही मिनिटांत दाब उतरवून त्यांना बाहेर सोडीत. आज तितक्या दाबातून बाहेर यायला तासांच्या हिशेबाने वेळ देतात.

रोबलिंगपुढे पेच होता. खडकापर्यंत जावे तर आणखी किती बळी पडतील, सांगता येत नव्हते. वाळूवर थांबावे तर शेकडो फूट उंच मनोऱ्याचा भार ती पेलील का? त्याने तळाची वाळू तपासली. हा थर साचल्यापासून कधी हललेला नाही, असा निष्कर्ष काढला, आणि साडेअठ्ठ्याहत्तर फुटांवर काम थांबवले. आजही तो मनोरा त्या वाळूवरच उभा आहे.

पण तो स्वतः वारंवार खाली जात असे. १८७२ च्या उन्हाळ्यात तो असा कोसळला, की पुढे पूल पुरा होईपर्यंत कामावर परतलाच नाही. घराच्या खिडकीतून दुर्बिणीने तो काम पाही. निरोप पोचवी ती त्याची पत्नी एमिली. आरंभी केवळ निरोप. मग गणित, पोलादी तारांचे बळ, मालाची पारख, सारे तिने आत्मसात केले आणि अकरा वर्षे ती अभियंते, ठेकेदार आणि अधिकारी यांच्याशी बोलत राहिली. आजारी माणसाला काढून टाका, अशी मागणी पुढे आली तेव्हाही ती खंबीर उभी राहिली. २४ मे १८८३ रोजी पूल खुला झाला. आपल्या सावित्रीने यमाशी वाद घातला. हिने गाठ घातली ती समित्यांशी. कोणते काम अधिक अवघड, ते ज्यांनी समित्या पाहिल्या आहेत त्यांनी ठरवावे!

त्याच सुमारास ग्रीसमध्ये, कालिम्नोस बेटावर, स्पंज काढणाऱ्या पाणबुड्यांना नवा हवाबंद पोशाख मिळाला होता. कमाई वाढली, आणि पांगळेही वाढले. तिथल्या लोकनृत्यात आजही पुढचा नर्तक काठीवर भार देऊन थरथरत्या पायांनी नाचतो.

कारण सापडले ते १८७८ मध्ये. फ्रान्सच्या पॉल बेर यांनी जनावरांवर प्रयोग करून हे बुडबुडे नत्रवायूचे असल्याचे दाखवले. रोग्याला पुन्हा दाबाखाली नेले तर आराम पडतो, हे आधीच लक्षात आले होते. त्याचा उपयोग अर्नेस्ट मोइर याने १८९० च्या सुमारास हडसन नदीखालच्या बोगद्यावर केला. पूर्वी पन्नासेक मजुरांत महिन्याला एक मरत असे. त्याने दाबाची लोखंडी खोली बसवली, आणि पुढच्या १५ महिन्यांत १२० मजुरांत दोघेच दगावले.

वर कसे यावे, याचे गणित मांडले जॉन स्कॉट हॉल्डेन यांनी. त्यांचा प्रयोग शेळ्यांवर. शेळीला कळ लागली की ती पुढचा पाय उचलून धरते, तेवढ्यावरून निदान! दाब निम्म्यावर येईपर्यंत बेताने वर या, तिथे थांबा, मग टप्प्याटप्प्याने या, असे त्यांचे कोष्टक १९०८ मध्ये प्रसिद्ध झाले. आज पाणबुड्याच्या मनगटावरचे यंत्र जे गणित करते, त्याचा वंश तिथूनच सुरू होतो.

या हॉल्डेनचा मुलगा आपल्याला अधिक जवळचा. जे. बी. एस. हॉल्डेन. १९५७ मध्ये ते भारतात आले, इथले नागरिक झाले आणि १९६४ मध्ये भुवनेश्वरला वारले. १९०६ साली तेरा वर्षांच्या या मुलाला वडिलांनी स्कॉटलंडच्या समुद्रात उतरवले होते. पोशाख ढगळ, आत पाणी शिरले, तरी पोरगा डगमगला नाही. १९३९ मध्ये 'थेटिस' पाणबुडी बुडून ९९ माणसे गेली, तेव्हा पाणबुडीतून सुटण्याच्या उपायांसाठी त्यांनी स्वतःला दाबाच्या खोलीत कोंडून घेतले. पाठीच्या कण्याचे दुखणे जन्माचे जडले. कानाच्या पडद्याला भोक पडले, तर त्यातून विडीचा धूर सोडता येतो आणि चार लोकांत शोभा वाढते, असे ते सांगत!

माझ्या विद्यार्थ्याच्या पत्रकावर शेवटी 'रक्तातले बुडबुडे' असे नाव गेले. खाली मजकूर असा: खांदा, कोपर दुखले, अंगाला मुंग्या आल्या, भोवंडले किंवा लघवी अडली, तर 'भरून आले असेल' म्हणून तेल चोळत बसू नका. त्रास बहुधा सहा तासांच्या आत उमटतो, कधी दिवसभरानेही. रुग्णाला आडवे निजवा, शुद्ध प्राणवायू द्या, दाबाची खोली असलेल्या ठिकाणी हलवा. तिथला नेहमीचा उपचार सुमारे पावणेपाच तास चालतो. बरे करायला म्हणून पुन्हा पाण्यात मुळीच उतरवू नका. "हा शेवटचा मुद्दा मोठ्या अक्षरांत घाला," असे त्याने मला दोनदा सांगितले, म्हणजे त्यामागे काहीतरी घडलेले असणार. मी विचारले नाही.

किनाऱ्याजवळ दहा-पंधरा मिनिटे उथळ पाण्यात मासे पाहणाऱ्या हौशी मंडळींना या दुखण्याचा धोका अगदीच थोडा. पण दिवाळीच्या सुटीत अंदमानला जाऊन दोन-चार दिवस खोल डुबक्या मारणाऱ्यांनी परतीचे विमान बेताने ठरवावे. विमानात हवेचा दाब सहा ते आठ हजार फूट उंचीच्या डोंगरावर असावा तितकाच असतो, म्हणजे गोटी आणखी सैल! शेवटच्या डुबकीनंतर निदान १८ तास, शक्य तर पुरता दिवस जाऊ द्यावा. आणि मालवणच्या समुद्रात असे खोल उतरून त्याच संध्याकाळी मोटारीने कोल्हापूर गाठू पाहणाऱ्यांनाही तो सांगतो, की घाट उद्या चढा. आंबोली समुद्रापासून सव्वादोन हजार फूट उंच आहे.