‘ब्राऊन आइज’ : पडद्यावरची एक नायिका

 वसुबारशीला, आश्विन वद्य द्वादशीच्या सायंकाळी, सवत्स धेनूचे पूजन करणाऱ्या आपल्या घरांतून गाय ही विनोदी चित्रपटाची नायिका व्हावी, ही कल्पना काहीशी चमत्कारिकच वाटेल. अमेरिकन नटश्रेष्ठ बस्टर कीटन याने १९२५ साली ती प्रत्यक्षात आणली.

‘गो वेस्ट’ हे त्या मूकपटाचे नाव. जगात कोणीच नसलेला एक तरुण पोटासाठी पश्चिमेकडील गुरांच्या वाडीवर येतो. धार काढावयास सांगितले तर हे गृहस्थ गाईखाली बादली ठेवतात आणि ती आपण होऊन भरून देईल म्हणून स्वस्थ वाट पाहतात! पुढे ‘ब्राऊन आइज’ या गाईच्या खुरात रुतलेला खडा तो काढतो. ती त्याला बैलाच्या शिंगांपासून वाचविते. गट्टी जमते. तिला स्वसंरक्षण करता यावे म्हणून तो तिच्या मस्तकी हरणाची शिंगे बांधतो. मालकाची खूण तापल्या लोखंडाने डागण्याची वेळ येते, तेव्हा हा वस्तऱ्याने केस भादरून ती खूण उमटवितो. डागणी पाहिलेल्या शेतकऱ्यास या प्रसंगी हसू येईल. पण गळाही दाटेल.

कीटनच्या चेहऱ्यावर स्मितरेषा सहसा उमटत नसे. येथे पिस्तुलाच्या धाकाने हसावयास फर्मावले असता तो दोन बोटांनी ओठांचे कोपरे वर ढकलतो!

अखेर कळप खाटिकखान्याकडे निघतो. मैत्रिणीपायी तोही आगगाडीत चढतो, आणि लॉस एंजेलिसच्या रस्त्यांत, दुकानांत, न्हाव्याकडेसुद्धा गुरेच गुरे होतात. त्यांना मागे ओढण्यासाठी हा सैतानाचा तांबडा वेष चढवून पुढे धावतो. हा गोंधळ अंमळ लांबला आहे, हे मान्य करावयास हवे.

१९५९ च्या एका फ्रेंच चित्रपटात फर्नांदेलने युद्धकैदी रंगविला आहे. मार्गरीत नावाची गाय दाव्याला धरून तो जर्मनीतून पायी निसटू पाहतो. गाय घेऊन चाललेल्या माणसाचा संशय कोणाला येणार? शेवटी मात्र गाडी पकडण्यासाठी तो तिला सोडून जातो.

कीटनच्या नायकाला मालक बक्षीस विचारतो. ‘ती हवी,’ म्हणून हा मागे बोट दाखवितो. मागे मालकाची कन्या उभी! पण हा आणतो ब्राऊन आइजला. मोटार निघते तेव्हा पुढे बापलेक बसलेली असतात आणि मागच्या आसनापाशी तो व ती.