बेसिनच्या कडेची फट आणि रत्नागिरीचा पाऊस

रत्नागिरीत वर्षाला तीन हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो आणि आत मुरलेलं पाणी लवकर सुकत नाही, त्यामुळे बेसिनखालचा ग्रॅनाइट आणि भिंतीची टाइल यांच्यातली फट व्हाइट सिमेंटने बुजवू नका. ते ताठ असतं, जरा हालचाल झाली की तडकतं. मग पाणी आत मुरतं आणि मागे जांभा असेल तर तो ते खुशाल पिऊन घेतो.

सिलिकॉन सीलंट घ्या, पण वास बघून! व्हिनेगरसारखा आंबूस वास येतो ते अॅसिटिक. त्यातलं आम्ल संगमरवराला डागाळतं. दगडासाठी 'न्यूट्रल' आणि बुरशीरोधक लिहिलेलं मागा. दुकानदार स्वस्तातलंच आधी पुढे करतो, हा माझा अनुभव.

जुनं सिलिकॉन ब्लेडने पूर्ण खरवडा. त्यावर नवं चिकटत नाही. फट कोरडी हवी, म्हणून हे काम मेमधलं. दोन्ही बाजूंना मास्किंग टेप लावा, गनने एका दमात रेघ ओढा, साबणाच्या पाण्यात बुडवलेल्या बोटाने दाबा आणि टेप लगेच काढा. गंमत म्हणजे सिलिकॉन हवेतल्या दमटपणानेच घट्ट होतं. तरी चोवीस तास नळ बंदच ठेवा, पाहुणे आले तरी.