काळजाचा वास कुणाला येतो?

मागच्या रविवारी एका जुन्या मित्राकडे गेलो होतो. त्याने शेतावर पांढरे ससे पाळले आहेत. निघताना त्याने दोन सशांचे काळीज, गुर्दे आणि दिल डब्यात घालून हातात दिले. म्हणाला, "वकीलसाहेब, मटण आम्ही घरी खातो, पण हे आमची पोरं आता खात नाहीत. तुम्हीच न्या."

घरी आल्यावर मी स्वतःच शिजवायला घेतले. कढईत लसूण पडला, मसाल्याचा वास सुटला, तोच अकरावीत शिकणारी माझी मुलगी धावत आली आणि म्हणाली, "पप्पा, खिडकी लावा ना, खालच्यांना वास जाईल!"

ही मुलगी भीमजयंतीला व्यासपीठावरून भाषण करते. संविधानाची उद्देशिका तिला पाठ आहे. तरीही तिला स्वयंपाकघराची खिडकी लावावीशी वाटली. ही भीती तिला कुणी शिकवली?

त्याच महिन्यात माझ्याकडे एक तरुण जोडपे आले होते. दोघेही नोकरदार, दोघेही पदवीधर. त्यांनी घरी वजडी शिजवली म्हणून घरमालकाने आठ दिवसांत खोली खाली करायला सांगितले. "आमच्याकडे असलं चालत नाही," एवढेच कारण. मी विचारले, "करारात तसे लिहिले आहे का?" उत्तर मिळाले, "करारच केलेला नाही, साहेब."

बंधू-भगिनींनो, इथे कायदा नीट समजून घ्या. २४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी खासगीपणा हा मूलभूत अधिकार असल्याचा निकाल दिला. माणसाने काय खावे, काय ल्यावे हे सरकारने सांगू नये, असा विचार त्या निकालात मांडला गेला. परंतु हा अधिकार प्रामुख्याने सरकारविरुद्ध आहे. घरमालकासमोर नुसते कलम २१ म्हणून भागत नाही. तिथे महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ चे कलम ५५ कामी येते. भाड्याचा किंवा लिव्ह अँड लायसन्सचा करार लेखी करून त्याची नोंदणी करणे ही घरमालकाची जबाबदारी आहे. ती त्याने पाळली नसेल, तर अटींबाबत भाडेकरूचे म्हणणे ग्राह्य धरले जाते. ते खोटे आहे हे समोरच्याला सिद्ध करावे लागते. त्या जोडप्याला मी हेच सांगितले आणि नोटीस तयार केली. मात्र मुलीने हळूच विचारले, "सर, नोटिशीत वजडी हा शब्द नाही लिहिला तर चालेल का?" त्या प्रश्नाने मी अस्वस्थ झालो. अन्याय तिच्यावर झाला होता आणि लाजही तिलाच वाटत होती!

काही जण म्हणतील, बाबासाहेबांनीच तर हे सोडायला सांगितले होते. नाही! १९२७ च्या महाड परिषदेत बाबासाहेबांनी मृत जनावराचे मांस आणि मागून आणलेले उष्टे अन्न सोडायला सांगितले, कारण ते गुलामीचे चिन्ह होते. स्वतःच्या कष्टाच्या पैशाने आणलेले ताजे काळीज आणि गावाने फेकलेले मढे यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. हा फरक आपल्या शिकलेल्या मंडळींना कळू नये, याला काय म्हणावे? पंचतारांकित हॉटेलात बकऱ्याचा भेजा रुबाबात मागवणारा साहेब आईच्या हातच्या वजडीला नाक मुरडतो. शाहू पाटोळे यांचे 'अन्न हे अपूर्ण ब्रह्म' हे मराठवाड्यातील दलितांच्या खाद्यसंस्कृतीवरचे पुस्तक २०१५ साली आले. आपल्या आया-आज्यांनी जे चुलीपुढे जपले, ते कागदावर यायला एवढी वर्षे लागली.

आता आरोग्याचे पाहू. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार (२०१९-२१) महाराष्ट्रातील १५ ते ४९ वयोगटातील ५४.२ टक्के महिलांच्या अंगात रक्त कमी आहे. काळजात लोह, फॉलेट आणि बी-१२ भरपूर असते आणि मांसातील लोह शरीर लवकर शोषून घेते. महागड्या मटणाच्या तुलनेत वजडी आजही गरिबाला परवडते. लाजेपोटी ती सोडणे म्हणजे आपल्याच लेकीबाळींच्या ताटातले सकस अन्न कमी करणे होय. मात्र काळजात अ जीवनसत्त्व फार असते, म्हणून गरोदर बाईने डॉक्टरांना विचारूनच खावे. ज्याला युरिक ॲसिडचा त्रास आहे, त्यानेही जपून खावे.

करायला अवघड काही नाही. सशाच्या काळजाला चिकटलेली पित्ताची पिशवी न फोडता अलगद काढावी. फुटली तर सगळे कडू होते. काळजावर पांढरे ठिपके किंवा गाठी दिसल्या तर ते सरळ टाकून द्यावे, तो रोग असतो. गुर्दे उभे चिरून आतला पांढरा भाग काढावा. दोन कांदे, एक वांगे, दोन टोमॅटो आणि चार मिरच्या गॅसवरच काळ्या होईपर्यंत भाजाव्यात, साल काढून जाडसर ठेचाव्यात. कढईत तेल, ठेचलेला लसूण, हळद, घरचा काळा मसाला. दिल आणि गुर्दे आधी घालावेत, कारण त्यांना वेळ लागतो. काळीज शेवटी घालावे. पाच-सात मिनिटांत ते आतपर्यंत शिजते, जास्त ठेवले तर वातड होते. मग भाजलेल्या भाज्या मिसळून वरून लिंबू पिळावे. सोबत ज्वारीची भाकरी. जेवणावर लगेच चहा मात्र नको, चहामुळे लोह अंगी लागत नाही.

आणखी एक गोष्ट. हे सर्व पाळलेल्या सशाबद्दल आहे. रानातला ससा १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने संरक्षित आहे. त्याची शिकार हा गुन्हा आहे. आमच्या आजोबांच्या काळातल्या गोष्टी सांगून कुणी फास लावायला जाऊ नये. उद्या जामिनासाठी माझ्याच दारात यावे लागेल.

त्या रविवारी मी मुलीला रागावलो नाही. जेवायला बसवून तिला त्या जोडप्याची हकीकत सांगितली. तिने काळजाची एक फोड खाल्ली, आवडली की नाही ते काही बोलली नाही. हे तिला आवडलेच पाहिजे असा माझा हट्टही नाही. खाणे न खाणे हा तिचा अधिकार आहे. जेवून उठल्यावर मात्र ती स्वयंपाकघरात गेली आणि मघाशी लावलेली खिडकी तिने उघडली.

आपल्या किती घरांत ही खिडकी अजून बंद आहे?