‘नाही’ तरी म्हणा!

परवा आमच्या शेजारचे नाना तणतणतच घरी आले. गावी त्यांची जमीन आहे. रानडुकरांनी पीक लुटायला सुरुवात केली म्हणून धाकट्या भावाने बंदुकीच्या परवान्यासाठी अर्ज केला. त्याला दीड वर्ष लोटले. कचेरीत विचारावे, तर “पोलिसांचा अहवाल आला नाही.” ठाण्यावर विचारावे, तर “तो केव्हाच धाडला!”

“द्यायचा नसेल तर ‘नाही’ तरी म्हणा म्हणावं!” नाना कडाडले.

नाना रागाने बोलले खरे, पण नेमके वर्मावर बोलले. ‘नाही’ म्हटले, तर १९५९ च्या शस्त्र कायद्याच्या कलम १८ खाली अपील आहे. नकाराची कारणेही अधिकाऱ्याला लेखी नोंदवावी लागतात. पण हुकूमच नसेल, तर अपील कशावर करणार?

मग अर्जदाराने हात जोडून बसावे काय? मुळीच नाही. २०१६ च्या नियमांनी मुदती घालून दिल्या आहेत. पोलिसांनी तीस दिवसांत अहवाल द्यायचा आणि तो मिळाल्यापासून साठ दिवसांत परवाना अधिकाऱ्याने निकाल द्यायचा. पोलिसांचा अहवाल वेळेत आलाच नाही, तर त्याची वाट न पाहता हुकूम करण्याची मुभा कलम १३ ने अधिकाऱ्याला दिली आहे. ‘अहवाल नाही’ ही सबब कायमची टिकणारी नव्हे.

तेव्हा पहिले काम म्हणजे लेखी स्मरणपत्र. त्यात अर्जाचा क्रमांक व तारीख घालावी आणि पोच जपून ठेवावी. तोंडी खेपांची नोंद कुठेच राहत नाही! दुसरे काम म्हणजे २००५ च्या माहिती अधिकार कायद्याखाली साधा अर्ज. अहवाल कधी मागवला, कधी आला, कागद आज कोणाकडे आहे, एवढेच विचारावे. उत्तराची मुदत तीस दिवसांची. कचेरी खरी की ठाणे खरे, हे त्यातून कळते.

एवढ्यानेही कागद हलला नाही, तर राज्यघटनेच्या कलम २२६ खाली हायकोर्टात रिट अर्ज करता येतो. कर्तव्य टाळणाऱ्या अधिकाऱ्याला ‘तुझे काम कर’ असे फर्मावणारा हुकूम कोर्ट देऊ शकते. “आधी लेखी मागणी केली होती काय?” हा प्रश्न तिथे हमखास निघतो. त्या वेळी जपलेली पोच कामी येते.

एक गैरसमज मात्र नको. अशा वेळी कोर्ट सहसा अमुक मुदतीत निर्णय घ्या एवढेच सांगते. परवाना द्या असे नव्हे. आणि परवाना हाती आला, तरी रानडुक्कर मारायची मुभा त्यातून मिळत नाही. त्यासाठी १९७२ च्या वन्यजीव कायद्याची वाट निराळी आहे.

सारे ऐकून नाना शांत झाले. चहाचा घोट घेत म्हणाले, “म्हणजे बंदूक मिळो न मिळो, उत्तर तर मिळेल!”

“तेच तर, नाना. उत्तर मिळणे हा तुमचा हक्क आहे. पण आधी सांगा, भावाने अर्जाची पोच ठेवली आहे ना?”

नानांनी कप खाली ठेवला आणि भावाला फोन लावला.