मरणाआधीची बैठक

युद्धात किती माणसं मेली हे सांगायला आकडा पुरतो. १ जुलै १९१६ रोजी, पहिल्या महायुद्धातल्या सोमच्या लढाईच्या पहिल्याच दिवशी, ब्रिटिश सैन्यातले १९,२४० जण मेले. ती माणसं कशी होती, हे मात्र आकडा सांगत नाही. ते काम माहितीपटाचं, आणि ते किती कष्टाचं असतं हे पीटर जॅक्सन यांच्या ‘दे शॅल नॉट ग्रो ओल्ड’मध्ये (२०१८) दिसतं. लंडनच्या इम्पिरियल वॉर म्युझियमने जपलेल्या मूक चित्रफितींतून तो घडला. त्या काळी कॅमेऱ्याची मूठ हाताने फिरवत. त्यामुळे सेकंदाला कधी दहा-बारा, तर कधी सोळा-अठरा चित्रं उमटत. पुढे त्याच फिती ठरावीक वेगाने पळवल्या गेल्या आणि सैनिक बाहुल्यांसारखे तुरुतुरु चालू लागले. जॅक्सन यांच्या चमूने प्रत्येक फितीचा मूळ वेग शोधला आणि मधली चित्रं संगणकावर भरली, चित्रांना रंगही दिले. ओठांच्या हालचाली वाचणाऱ्या तज्ज्ञांकडून सैनिकांचे शब्द ओळखून घेतले. चाल स्थिरावली आणि बाहुलीच्या जागी थकलेला, संकोचलेला तरुण दिसू लागला.

यावर आक्षेप असा, की मूळ दस्तऐवजाला रंग देणं ही त्याची मोडतोड आहे. आक्षेपात तथ्य आहे. वेग सुधारणं ही दुरुस्ती आहे; गणवेशाचा रंग अस्सल कापडावरून ठरवता येतो, पण गालावरची लाली हा अंदाजच. तरी मूळ फिती संग्रहालयात जशाच्या तशा आहेत, आणि बाहुलीची ती चाल तरी कुठे खरी होती? दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे: प्रत्यक्ष चढाई जॅक्सन यांच्या माहितीपटात दिसत नाही, तिच्या जागी त्या काळच्या नियतकालिकांतली रेखाचित्रं येतात. पण ही उणीव लपवणं किती सोपं असतं, हे १९१६च्या ‘द बॅटल ऑफ द सोम’ या चित्रपटाने दाखवलंय. खंदकातून वर चढताना सैनिक कोसळतात, हे त्यातलं गाजलेलं दृश्य आघाडीमागे रचलेलं होतं. त्याच चित्रपटात खोलगट वाटेवर बसलेले लँकशायर फ्युझिलिअर्स या ब्रिटिश पलटणीचे सैनिक आहेत, ते मात्र खरे. थोड्याच वेळात त्यांची चढाई मशिनगनच्या माऱ्यात कोलमडली. वाटेवरच्या त्या दृश्यात रक्ताचा थेंब नाही. कुणी कॅमेऱ्याकडे बघतो, कुणी नजर टाळतो. रचलेल्या मरणापेक्षा ही खरी बैठक युद्धाचा हिशोब अधिक नेमका मांडते, कारण काय गमावलं जाणार आहे ते अजून समोर बसलेलं असतं.